लग्नाचा सीझन सोडून दशावताराच्या मागे जाऊ का?

प्रिय कुडाळकर,

नाव छापू नका म्हणालास म्हणून नुसतं कुडाळकर म्हणते. पत्र मोठं होतं आणि मनापासून लिहिलेलं होतं, त्यामुळे उत्तरही जरा मोठंच होणार आहे.

बाकीच्या वाचकांना कळावं म्हणून थोडक्यात सांगते. हा मुलगा २७ वर्षांचा आहे, कुडाळात चुलतभावाबरोबर लग्नं-साखरपुड्यांचं शूटिंग करतो, धंदा बरा चाललाय. आजोबा दशावतारी कंपनीत, म्हणजे जत्रांमध्ये रात्रभर पौराणिक नाटक करणाऱ्या मंडळीत, पेटी वाजवायचे, आख्खं आयुष्य त्यात गेलं, मागच्या वर्षी ते वारले आणि मग घरात शोधाशोध केली तर त्यांच्या वाजवण्याचा एक मोबाईलमधला तुकडा सोडून काहीच सापडलं नाही. नातू कॅमेरावाला असून. हे त्याला फार लागलंय. आता त्याला सगळं सोडून डॉक्युमेंटरी करायचीय, 'कोकणची संस्कृती' या विषयावर दीड तासाची, ज्यात दशावतार, पिंगुळीची चित्रकथी, नमन-खेळे, शिमगा, पालख्या असं सगळं येईल. प्रश्न असे की लग्नाची कामं बंद करू का, चार लाखाचं कर्ज काढून नवा कॅमेरा घेऊ का, पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म संस्थेत जाऊ का, कॉमेंट्री हिंदीत करू की इंग्रजीत, आणि मुळात यात करिअर असतं का. बाबांचं म्हणणं, "लग्नाचो सीझन सोडून जत्रेत कॅमेरो घेवन काय करतलंस?"

करिअर असतं. मी एडिटिंग टेबलवर बसून डॉक्युमेंटरीवाल्यांचं जग बरंच जवळून बघितलंय, आणि कला-संस्कृतीवर आयुष्यभर काम केलेली माणसं आपल्याकडे आहेत, चांगली आहेत, अजून काम करतायत. पण महिन्याच्या महिन्याला पगार येतो तसलं ते करिअर नाही. कोणी कॉलेजात शिकवतं, कोणी संस्थांसाठी दहा-दहा मिनिटांच्या फिल्म करून देतं, कोणी जाहिराती एडिट करतं, कोणी म्युझियमसाठी व्हिडिओ बनवतं, आणि या सगळ्याच्या मधून जी जागा उरते त्यात स्वतःची फिल्म पुढे सरकत राहते. तुझ्याकडे ती पोटापाण्याची बाजू आधीच उभी आहे. मुंबईत येऊन भाड्याच्या खोलीत राहून जे उभं करायला लोकांना पाच-सात वर्षं लागतात ते तू कुडाळात करून बसलायस, मग ते मोडायचं कशाला? लग्नाची कामं बंद करू नकोस. या वर्षी तर नाहीच नाही.

आणि लग्नाच्या शूटिंगला तू पत्रात ज्या सुरात कमी लेखलंयस तो सूर मला पटला नाही. मंगलाष्टकं संपून अंतरपाट बाजूला होतो तो क्षण परत होत नाही, लाईट कुठूनही येत असतो, पाहुणे कॅमेऱ्यासमोर उभे राहतात, भटजी थांबत नाहीत, आणि तरी तुला तो शॉट मिळवायचाच असतो. डॉक्युमेंटरीवाल्याला हेच यावं लागतं. फिल्म स्कूलमधून नुकत्याच बाहेर पडलेल्या पोरांना परत न होणारी गोष्ट एका झटक्यात पकडायला बऱ्याचदा जमत नाही, तुला जमते.

तारखांचा घोळही तू म्हणतोस तेवढा मोठा नाही. जत्रा कार्तिकात सुरू होतात त्या चैत्रापर्यंत आणि काही ठिकाणी पुढेही चालतात, लग्नंही त्याच दिवसांत, हे खरं. पण पौषात आपल्याकडे लग्नं नसतात आणि जत्रा असतात! तो आख्खा महिना तुझा आहे. शिवाय नाटक उभं राहतं मध्यरात्रीच्या आसपास आणि संपतं पहाटे, तेव्हा ज्या दिवशी लग्न नाही त्या दिवसाच्या आदल्या रात्री जाता येतंच. चुलतभावाला स्पष्ट सांग, पौष माझा, मे महिन्यात तू म्हणशील तितकी कामं मी उचलतो. बाबांनाही हेच सांग, धंदा बंद होत नाहीये हे एकदा त्यांना दिसलं की अर्धा विरोध आपोआप जाईल असं मला वाटतं.

आता फिल्मबद्दल. इथे मी थोडी कडक बोलणार आहे.

'कोकणची संस्कृती' ही फिल्म करू नकोस. दीड तासात दशावतार, चित्रकथी, नमन, शिमगा, पालखी कोंबायचं म्हणजे प्रत्येकाला पंधरा-अठरा मिनिटं, त्यात ड्रोनचा शॉट, मागे तंबोरा, एक जाणकार खुर्चीत बसून इतिहास सांगतोय, कलाकार 'ही कला जिवंत राहिली पाहिजे' म्हणतोय, आणि पुढची कला. अशा फिल्म आपल्याकडे ढिगाने आहेत, पर्यटनवाल्यांच्या, चॅनेलवाल्यांच्या, त्या बघून कोणाला काहीही आठवत नाही. आणि तू पत्रात ज्याच्यासाठी रडलायस ते या फिल्ममध्ये कुठेच नाहीये. आजोबांची पेटी त्यात कुठे आहे?

एक कंपनी घे. त्यातला एक माणूस घे, शक्यतो पेटीवाला किंवा पखवाजवाला, कारण राजाच्या मुकुटाकडे आणि तलवारीकडे सगळेच कॅमेरे वळतात, वाजवणाऱ्याकडे कोणी बघत नाही. त्या माणसाचा एक सीझन धर. फिल्म चाळीस मिनिटांची झाली तरी चालेल, पंचवीसची झाली तरी चालेल.

तुला दशावतार माहीत आहे, मला तुझ्याइतका नाही, पण बाहेरून आलेल्या माणसाला काय दिसतं ते सांगते. देवळाच्या ओवरीत पेटारा उघडलेला असतो, चटईवर मांडी घालून प्रत्येक जण आपला आरसा आपल्यापुढे ठेवून स्वतःचं तोंड स्वतः रंगवतो, मेकअपमन नाही, आणि हे चाललेलं असताना कंपनीतला जाणता माणूस आज कुठलं आख्यान, कोण कोणाचं काम करणार, प्रवेश कसे लागणार हे बोलता बोलता सांगून टाकतो. लिहिलेली संहिता नाही! रात्रभराचं नाटक, पदं, युद्धं, बापलेकांची भांडणं, सगळे संवाद तिथल्या तिथे रचायचे. समोरचा काय बोलेल ते माहीत नाही, तरी उत्तर द्यायचं आणि ते त्या पात्राला शोभायला हवं. पखवाजवाला एका बाजूला बसून डाव्या तोंडाला कणीक लावत असतो, अंगठ्याने दाबत, थाप मारून ऐकत, परत थोडी काढत, परत लावत, मनासारखा खर्ज लागेपर्यंत. त्याच्याकडे त्या वेळी कोणाचंच लक्ष नसतं. तिथे कॅमेरा लाव. आणि लावून ठेव, तीस सेकंदांनी उचलू नकोस.

मग पेटीवाला. तुझ्या आजोबांनी जे केलं ते नक्की काय होतं हे फिल्म बघणाऱ्याला कळलं पाहिजे. पात्र बोलत बोलत भावनेच्या एका टोकाला पोचतं आणि पद सुरू करतं, कुठल्या पट्टीत करणार हे त्याने आधी सांगितलेलं नसतं, पेटीवाल्याने ते ओळखायचं, आधीच्या वाक्यातच सूर देऊन ठेवायचा, नटाचा आवाज बसला असेल तर पट्टी खाली घ्यायची, कोणाला पुढचं सुचत नसेल तर दोन आवर्तनं जास्त वाजवून त्याला वेळ काढून द्यायचा. म्हणजे नाटकाची गती बरीचशी त्याच्या हातात. हे दाखवणारी फिल्म मी तरी पाहिलेली नाही आणि मला ती बघायचीय. ही फिल्म तू करू शकतोस, कारण तुला लहानपणापासून त्या बाजूला बसून नाटक बघायची सवय आहे.

आपल्याकडे कलेवरच्या ज्या फिल्म टिकल्या त्या अशाच आहेत, अरुंद आणि खोल. सरकारने १९४८ साली फिल्म्स डिव्हिजन काढली, थिएटरात मुख्य सिनेमाच्या आधी त्यांची फिल्म दाखवावीच लागायची, तुझ्या आजोबांच्या पिढीने त्या भरपूर पाहिल्यात. त्यातल्या कितीतरी आज कोणाला आठवत नाहीत. पण त्याच संस्थेसाठी १९६७ मध्ये चित्रकार एम. एफ. हुसेन यांनी राजस्थानात एक छोटी फिल्म केली, समजावून सांगणं जवळजवळ नाहीच, नुसतं चित्रकाराचं बघणं, आणि तिला बर्लिनच्या फेस्टिवलमध्ये शॉर्टफिल्मसाठीचं गोल्डन बेअर मिळालं. सत्यजित राय यांची 'बाला' मिळाली तर जरूर बघ, भरतनाट्यमच्या बालासरस्वतींवरची, साधारण अर्ध्या तासाची. राय यांनी त्यांचा नाच पहिल्यांदा पाहिला तेव्हा ते शाळकरी वयाचे होते आणि फिल्म झाली १९७६ मध्ये, तोवर बाई साठीला आलेल्या. समुद्राच्या काठावर वारा सुटलाय आणि त्या नाचतायत, हे बघताना मला दरवेळी वाटतं की वीस वर्षं आधी कोणी कॅमेरा लावला असता तर. तुझ्या आजोबांच्या बाबतीत तुला जे वाटतंय ते हेच आहे, आणि त्यावरचा एकच उपाय मला ठाऊक आहे, आत्ता जे वाजवतायत त्यांचं रेकॉर्डिंग या सीझनला सुरू करणं. फिल्म होईल तेव्हा होईल.

याचं अजून एक उदाहरण देते कारण ते आपल्याच मातीतलं आहे. शाहीर विलास घोगरे यांचं गाणं डॉक्युमेंटरीवाले आनंद पटवर्धन यांनी मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांवरच्या १९८५ च्या फिल्मसाठी शूट केलेलं होतं. पुढे ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा माणसं गेली, आणि त्यानंतर काही दिवसांत घोगरे यांनी आत्महत्या केली. तिथून पटवर्धन यांनी जे शूटिंग सुरू केलं ते संपून 'जय भीम कॉम्रेड' तयार व्हायला २०११ साल उजाडलं. चौदा वर्षं. आंबेडकरी शाहिरीवर, जलशांवर एवढं काम कॅमेऱ्याने दुसरं कोणी केलं असेल असं मला वाटत नाही, आणि त्यात जे जुनं गाणं आहे ते आहे कारण कोणीतरी ते आधी रेकॉर्ड करून नीट जपून ठेवलं होतं.

करिअरच्या बाजूने बघायचं तर मला सगळ्यात जास्त शिकण्यासारखं वाटतं ते सावित्री मेधातुल आणि भूषण कोरगावकर यांचं. लावणी कलावंतांवर त्यांची 'नटले तुमच्यासाठी' ही डॉक्युमेंटरी २००८ ची. फिल्म करून ते दुसऱ्या विषयाकडे निघून गेले नाहीत, त्या बायकांशी संबंध ठेवले, भूषणचं 'संगीत बारी' पुस्तक २०१४ मध्ये आलं, मग त्याच नावाचा रंगमंचावरचा कार्यक्रम झाला ज्यात स्वतः लावणी कलावंत नाचतात, गातात, आणि शहरातला प्रेक्षक तिकीट काढून येतो. म्हणजे एका फिल्मपासून पुस्तक, पुस्तकापासून कार्यक्रम, आणि त्यात कलावंतांनाही काम. तू करिअर करिअर म्हणतोस ना, या क्षेत्रात ते असं वाढतं. एका कंपनीबरोबर तू तीन सीझन राहिलास तर त्यातून फिल्म निघेल, संग्रह निघेल, कोणाच्या तरी पीएचडीला तुझं फुटेज लागेल, एखादं म्युझियम विचारायला येईल, आणि दशावताराबद्दल कोणालाही काहीही हवं असलं की लोक तुझं नाव सांगतील. पाच कलांवर वरवर काम केलेल्या माणसाचं नाव असं कोणी सांगत नाही.

पैशांचं बघू. पूर्वी फिल्म्स डिव्हिजन पैसे द्यायची, मग २००० साली सुरू झालेल्या पीएसबीटीने (पब्लिक सर्व्हिस ब्रॉडकास्टिंग ट्रस्ट) दूरदर्शनसाठी कितीतरी स्वतंत्र डॉक्युमेंटरी करवल्या, नव्या मुलांनाही संधी दिली. तो काळ आता राहिला नाही. फिल्म्स डिव्हिजन २०२२ मध्ये एनएफडीसीत, म्हणजे सरकारी चित्रपट महामंडळात, विलीन झाली. पण तू ज्या विषयाला हात घालतोयस त्याला दोन दारं आहेत जी नुसत्या फिल्मवाल्यांना सहसा सुचत नाहीत. एक, केंद्रीय संस्कृती मंत्रालयाची ज्युनियर फेलोशिप, वय २५ ते ४०, महिना १०,००० रुपये, दोन वर्षं, लोककलाही त्यात येतात. ती संशोधनासाठी असते, पैसे हप्त्यांनी येतात, त्यात फिल्म होणार नाही, पण पेट्रोल आणि हार्ड डिस्क निघतील आणि दोन वर्षं शिस्तीत टिपणं काढायची सवय लागेल जी तुला पुढे जन्मभर पुरेल. दुसरं, बेंगळुरूचं इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स, ही १९९३ ची खासगी संस्था आहे, कलांवरच्या संशोधनाला आणि कामाला अनुदान देते, आणि अर्ज भारतीय भाषांमध्ये करता येतो. मराठीत लिही. तुझं मराठी चांगलं आहे, पत्रात आजोबांच्या पेटीच्या भात्याला चामड्याचं ठिगळ लावलेलं होतं हे जसं लिहिलंयस तसंच अर्जात लिही. अर्ज वाचणाऱ्याला 'भारताच्या समृद्ध सांस्कृतिक वारशाचे दस्तऐवजीकरण' हे वाक्य रोज दिसतं, ठिगळ दिसत नाही. एकाच फिल्मसाठी दोन्हीकडून पैसे घेता येतात का ते मात्र ज्याच्या त्याच्या नियमांत नीट वाचून घे.

परदेशी फंड आत्ता डोक्यातून काढ. ते आहेत, ॲमस्टरडॅमच्या इडफा फेस्टिवलचा फंड आपल्यासारख्या देशांतल्या फिल्मना पैसे देतो, पण ते आधीचं काम मागतात. आधी वीस-पंचवीस मिनिटांचं काम तयार कर. मात्र एक गोष्ट कर, आणि ती तुला इतर कोणापेक्षा सोपी आहे. इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय फिल्म फेस्टिवल, २००४ पासून गोव्यात होतो, दर नोव्हेंबरात, पणजी तुझ्यापासून दोन-अडीच तासांवर! एनएफडीसीचा फिल्म बाजारही, जिथे फिल्म करणारे आणि पैसे लावणारे भेटतात, तेव्हाच तिथेच भरतो. डेलिगेट कार्ड काढ आणि इंडियन पॅनोरमा या भारतीय फिल्मच्या विभागातल्या नॉन-फीचर, म्हणजे डॉक्युमेंटरी आणि शॉर्टफिल्म, बघ, सगळ्या, वाईटसुद्धा. दिग्दर्शक बाहेर उभे असतात, त्यांच्याशी बोल, कोणी कोणाला चावत नाही. मुंबईचा मिफ्फ खास डॉक्युमेंटरी-शॉर्टफिल्मचाच फेस्टिवल आहे, १९९० पासून एक वर्षाआड, २०२४ मध्ये त्यांनी डॉक बाजारही सुरू केला, तिथे एकदा जाऊन ये.

कॅमेऱ्याचं कर्ज काढू नकोस. तुझा आत्ताचा कॅमेरा फोर-के शूट करतो असं तूच लिहिलंयस, मग अजून काय पाहिजे? तीस-चाळीस हजार आवाजावर खर्च कर. दशावतारात आवाजाचं काम सगळ्यात अवघड आहे, मंडपातला भोंगा सगळं फाडून टाकतो, म्हणून साउंडवाल्याशी आधी बोलून मिक्सरमधून एक लाईन घे आणि वेगळा रेकॉर्डर पेटी-पखवाजाच्या जवळ ठेव, दोन्ही ट्रॅक लागतील. कॅमेरा २५ फ्रेमवर आणि शटर १/५० वर ठेव, आपली वीज ५० हर्ट्झची आहे, नाहीतर स्टेजच्या दिव्यांचे पट्टे फुटेजमध्ये थरथरताना दिसतील, पण स्वस्तातले एलईडी कसेही वागतात तेव्हा नाटक सुरू व्हायच्या आधी टेस्ट घेऊन बघ. रंगवलेला चेहरा फोकसखाली पटकन जळतो, म्हणून एक्सपोजर चेहऱ्यावर लाव, मागचा पडदा काळा गेला तरी जाऊ दे. आणि हिशोब करून ठेव, कॅमेरा १०० एमबीपीएसने रेकॉर्ड करत असेल तर तासाला ४५ जीबी होतात, सहा तासांचं नाटक दोन कॅमेऱ्यांनी म्हणजे एका रात्रीत ५४० जीबी. प्रत्येक गोष्टीच्या तीन कॉपी, त्यातली एक घराबाहेर, बहिणीकडे ठेव. कोकणातला पावसाळा आणि हार्ड डिस्क यांचं जमत नाही. ड्रोन घरी ठेव, निदान पालखीच्या वेळी तरी, तिथे लोक गाऱ्हाणं घालत असताना डोक्यावर घरघर नको.

आता जे सांगते ते या पत्रातलं मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. माणसांचं. तुझ्या आजोबांमुळे कंपनीत तुला दार उघडं आहे, चहा मिळेल, कोणी अडवणार नाही, आणि म्हणूनच तुझी जबाबदारी जास्त आहे. कॉपीराइट कायद्यात, १९५७ च्या, कलाकाराला त्याच्या सादरीकरणावर हक्क आहे, तो पन्नास वर्षं टिकतो, २०१२ च्या दुरुस्तीने तो अजून पक्का झाला. दशावतारात तर नट बोलतो ते त्याने त्या रात्री स्वतः रचलेलं असतं, तेव्हा ते त्याचं आहे. एक पानी मराठी कागद कर, साध्या भाषेत, फिल्म कुठे दाखवणार, विकली गेली तर त्यांना काय मिळणार, नको वाटलं तर काय, आणि तो वाचून दाखव, नुसती सही घेऊ नकोस. मालकांची वेगळी, कलाकाराची वेगळी. ज्याच्याबरोबर सीझनभर फिरणार त्याला पैसे दे. थोडे का असेना पण दे आणि आधी ठरवून दे, त्याची नाईट, म्हणजे एका रात्रीचं मानधन, किती असते ते तुला माहीत आहे. कला जपली जातेय म्हणून त्याने फुकट वेळ द्यावा ही अपेक्षा मला बरोबर वाटत नाही, कॅमेऱ्याचं भाडं आपण देतोच की. आणि दर सीझनच्या शेवटी कंपनीला त्यांच्या नाटकाच्या फुटेजची कॉपी दे, पेन ड्राइव्हवर, आख्यानाचं नाव, गाव, तारीख, कोणी कुठलं काम केलं हे लिहून. तुझ्या घरात जे सापडलं नाही ते त्यांच्या नातवंडांना सापडेल.

देवळाचं तू जाणतोसच, मानकऱ्यांना विचारल्याशिवाय आत कॅमेरा नको. आणि एक बारीक पण महागात पडणारी गोष्ट, जत्रेत भोंग्यावर सिनेमाची गाणी चालू असतात, ती तुझ्या ट्रॅकमध्ये आली की फेस्टिवलला, यूट्यूबला, सगळीकडे हक्कांचा त्रास. महत्त्वाची बातचीत भोंग्यापासून लांब जाऊन कर.

स्त्रीपार्टी नटाला 'बाईचं काम करताना कसं वाटतं' हा प्रश्न विचारू नकोस, त्याला तो हजारदा विचारून झालाय. लुगडं नेसायला किती वेळ लागतो, कोणी शिकवलं, कंबरेचा काष्टा रात्रभर सुटू नये म्हणून काय करतो, हे विचार. कामाबद्दल विचारलं की माणूस खुलतो आणि स्वतःबद्दलचं जे सांगायचं असतं ते त्यातच सांगून जातो. 'ट्रिकसीन'वाल्या, म्हणजे स्टेजवर चमत्कार करून दाखवणाऱ्या, नव्या नाटकांना नाकं मुरडणारी बरीच मंडळी भेटतील, तू ती बाजू लगेच उचलू नकोस, ज्यांचं घर त्या तिकिटावर चालतं त्यांचंही ऐक. पावसाळ्यात जा त्यांच्याकडे, भाताच्या लावणीच्या दिवसांत, रात्री राजा होणारा माणूस चिखलात उभा असतो तेव्हा तो नाटकाबद्दल वेगळं बोलतो. पण तो शॉट मोठं संगीत घालून 'बघा बिचारा' असा वापरलास तर मी तुला पत्र लिहून भांडेन, कारण त्याला शेताची लाज नाही, तुलाही वाटायचं कारण नाही.

एफटीआयआय. १९६० पासूनची संस्था, तिथून फार मोठी माणसं आली, तीन वर्षं मिळाली तर सोनं होईल. पण जागा मोजक्या, आणि तू गेलास तर हे तीन सीझन जातील. तुझ्या ज्या पेटीवाल्यांची नावं तू लिहिलीयस त्यातले दोघं सत्तरीच्या पुढचे आहेत. मी तुझ्या जागी असते तर आत्ता तिथला एखादा शॉर्ट कोर्स, साउंडचा किंवा एडिटिंगचा, आणि उन्हाळ्यातला फिल्म ॲप्रिसिएशन कोर्स एवढं केलं असतं, तीन वर्षांचा मोठा कोर्स फिल्म झाल्यावरही करता येतो.

कॉमेंट्री हिंदीतही नको, इंग्रजीतही नको, मला वाटतं कॉमेंट्रीच नको. दशावतारातला संकासुर मालवणीत बोलतो, तुझा पेटीवाला मालवणीत बोलणार, तू त्याला मालवणीत विचारणार. तुझा आवाज प्रश्नांमधून येतोय तेवढा पुरे, तो एडिटमध्ये कापू नकोस. सबटायटल मराठी आणि इंग्रजी दोन्ही कर, इंग्रजीचं काम मालवणी घरात वाढलेल्या माणसाकडून करून घे आणि त्याला त्याचे पैसे दे, शेवटच्या आठवड्यात मित्राकडून फुकट उरकून घेऊ नकोस.

त्रिपुरी पौर्णिमेच्या आत कंपनीच्या मालकांना भेटून ये, कॅमेरा न घेता. पौषातल्या जत्रांची यादी त्यांच्याकडूनच घे, ज्या रात्री जमतील त्या वहीत मांड. आणि पहिल्या चार-पाच रात्रींचं फुटेज झालं की त्यातली सलग वीस मिनिटं, न कापता, मला पाठव, आपण फोनवर बोलू.

तुझी,
ताई